घरच्या ओव्हनमध्ये स्कॉटिश शॉर्टब्रेड : पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी मार्गदर्शक

मैदा, बटर आणि साखर या तीन जिनसांत होणाऱ्या स्कॉटलंडच्या शॉर्टब्रेडची कृती इतकी सोपी दिसते की बहुतेक जण ती एकदा नजरेखालून घालतात आणि लगेच कामाला लागतात. मग कोणाचा शॉर्टब्रेड दातांनी तुटत नाही, कोणाचा तुपकट होतो, तर कोणाच्या कडा करपतात आणि मध्यभाग कच्चा राहतो. यात फुगवायला सोडा नाही, बांधायला अंडे नाही आणि वासाला वेलची-जायफळही नाही. त्यामुळे हाताकडून काही चुकले तर ते झाकून जाईल असे काहीच उरत नाही.

माझ्या मते आपल्याकडे शॉर्टब्रेड बिघडतो तो मुख्यतः नानकटाईच्या हाताने केल्यामुळे. नानकटाईसाठी आपण तूप फेसून हलके करतो, त्यात सोडा किंवा बेकिंग पावडर घालतो आणि भाजताना ती पसरावी, वर तडे जावेत अशी आपली अपेक्षा असते. शॉर्टब्रेडमध्ये यातले काहीही नको असते. बटर थंड राहिले पाहिजे, पिठात हवा भरायची नाही, भाजताना आकार जसाच्या तसा राहिला पाहिजे आणि आच इतकी मंद हवी की तो भाजला जाण्याइतकाच वाळलाही पाहिजे. पुढच्या सगळ्या पायऱ्यांमागे हे एवढेच सूत्र आहे, आणि ते लक्षात ठेवले तर प्रत्येक सूचना पाठ करावी लागणार नाही.

काय काय लागेल

साहित्य, २० सेंटिमीटर व्यासाच्या गोल किंवा १८ सेंटिमीटर बाजूच्या चौकोनी केक टिनसाठी (दोन्हींचे क्षेत्रफळ जवळजवळ सारखेच भरते, म्हणून प्रमाण बदलावे लागत नाही) :

- मैदा १७५ ग्रॅम
- कोरडे, बारीक तांदळाचे पीठ ५० ग्रॅम
- बिनमिठाचे बटर १५० ग्रॅम
- बारीक साखर ७५ ग्रॅम, वर भुरभुरवायला आणखी एक चमचा
- मीठ पाव छोटा चमचा

साधने : ग्रॅम दाखवणारा वजनकाटा, चाळणी, परात किंवा पसरट भांडे, काठाची केक टिन, बटर पेपर, काटा, धारदार सुरी आणि ओव्हनमध्ये ठेवायचा छोटा तापमापक. यांतला वजनकाटा आणि तापमापक या दोन गोष्टी टाळू नका. बाकी सगळ्याला घरात काही ना काही पर्याय सापडतो.

१. बटर पारखून घ्या

शॉर्टब्रेडची चव म्हणजे बटरचीच चव, म्हणून सुरुवात इथून करावी. दुकानातल्या बटरमध्ये साधारण ८० टक्के स्निग्धांश आणि सुमारे १६ टक्के पाणी असते. याचा अर्थ १५० ग्रॅम बटरबरोबर सुमारे २४ ग्रॅम पाणी आपोआप पिठात जाते आणि गोळा जमायला तेवढे पुरते. पीठ कोरडे वाटले म्हणून दुधाचा हबका मारण्याची सवय असेल, तर ती इथे सोडावी लागेल. मैद्यातील प्रथिनांना पाणी मिळाले की त्यांचे चिवट धागे तयार होतात. पोळीच्या कणकेला हवा असलेला हा गुण शॉर्टब्रेडला मारक ठरतो.

बटरऐवजी तूप वापरले तर हे पाणी मिळत नाही, शिवाय दुधातील घन अंशही कढवून गाळले गेलेले असतात. तुपाचा पदार्थ चांगला होईलही, परंतु तो नानकटाईच्या वाटेने जाईल. वनस्पती तूप आणि मार्गरीन यांचा तर विचारही करू नका, कारण टाळूला चिकटणारा त्यांचा थर इतक्या साध्या पदार्थात लगेच जाणवतो.

घरचे लोणी वापरायचे असेल तर ते ताजे, आंबूस वास नसलेले असावे आणि बर्फाच्या पाण्यात दोन-तीनदा धुऊन, लाकडी चमच्याने दाबून त्यातले ताक आणि पाणी शक्य तितके काढावे. घरच्या लोण्यात पाण्याचे प्रमाण दर वेळी वेगळे असते. म्हणून पहिला घाणा विकतच्या बिनमिठाच्या बटरचा करा आणि पीठ हाताला कसे लागते हे कळल्यावरच लोण्याकडे वळा.

घरी फक्त पोळीला लावायचे पिवळे खारे बटर असेल तर तेही चालते, पण त्यात साधारण २ ते ३ टक्के मीठ असते. १५० ग्रॅम बटरमधून ३ ते साडेचार ग्रॅम मीठ आत जाते आणि ते जिभेला स्पष्ट कळते. अशा वेळी निम्मे खारे आणि निम्मे बिनमिठाचे बटर घ्यावे आणि वेगळे मीठ घालू नये.

२. सगळे तोलून घ्या

एक भाग साखर, दोन भाग बटर आणि तीन भाग पीठ, आणि तेही वजनाने, हे शॉर्टब्रेडचे जुने प्रमाण आहे. वरचे आकडे त्याच हिशोबाने घेतले आहेत. वाटीने मोजू नका, कारण दाबून भरलेल्या आणि अलगद भरलेल्या मैद्याच्या वाटीत सहज वीस-पंचवीस ग्रॅमचा फरक पडतो आणि तीन जिनसांच्या पदार्थात तेवढ्याने शॉर्टब्रेड एकतर कोरडा भुगा होतो किंवा तुपकट.

पिठातील थोडा भाग तांदळाच्या पिठाचा घेणे ही स्कॉटलंडमध्येही रुळलेली पद्धत आहे, आपल्या सोयीसाठी केलेली तडजोड नव्हे. तांदळाच्या पिठात ते चिवट धागे तयार करणारी प्रथिने नसतात. त्यामुळे शॉर्टब्रेड अधिक खुसखुशीत होतो आणि चावताना किंचित रवाळपणा जाणवतो. काही जण त्याऐवजी बारीक रवा घेतात, तोही चांगला लागतो, पण कण अधिक भरड होतो. मोदकांसाठी धुऊन वाळवलेल्या तांदळाची पिठी वापरणार असाल तर ती पूर्ण कोरडी आहे याची खात्री करा. चक्कीवरची पोळीची कणीक मात्र घेऊ नका, कारण तिच्यातील कोंडा आणि प्रथिने दोन्ही इथे आड येतात.

साखरेच्या बाबतीत बारकावा एवढाच आहे की ती पिठीसाखरही नको आणि जाड दाण्याचीही नको. घरची साखर मिक्सरमध्ये दोन-तीन झटके देऊन बारीक रव्याइतकी केली की पुरे. पूर्ण पिठीसाखर घेतली तर शॉर्टब्रेड तोंडात विरघळतो, पण त्याचा कुरकुरीतपणा जातो.

३. बटर मोहनासारखे चोळा

स्कॉटिश घरांत दोन पद्धती चालतात. पहिलीत बटर आणि साखर हाताने एकजीव करून त्यात हळूहळू पीठ मिळवले जाते, दुसरीत थंड बटर पिठात चोळले जाते. आपल्या हवामानासाठी मी दुसरी पद्धत सांगते. बटर साधारण ३२ ते ३५ अंश सेल्सिअसला वितळते. एप्रिल-मे महिन्यात पुण्या-नागपूरच्या स्वयंपाकघराचे तापमान तेवढे सहज असते आणि तळहाताचे तर बाराही महिने असते. पहिल्या पद्धतीत बटर बराच वेळ हातात राहते, आणि आपल्याकडचा घोटाळा नेमका तिथेच होतो.

मैदा, तांदळाचे पीठ आणि मीठ एकत्र चाळून परातीत घ्या आणि त्यात साखर मिसळा. फ्रीजमधून काढलेल्या बटरचे एक-एक सेंटिमीटरचे तुकडे करून ते पिठात घोळवा आणि पाच-सात मिनिटे थांबा. बोटाने दाबल्यावर तुकडा दबला पाहिजे, पण बोटाला चोपडेपणा लागता कामा नये. मग करंजीच्या किंवा शंकरपाळ्याच्या पिठाला मोहन चोळतो तसे, पण तळहात न लावता केवळ बोटांच्या टोकांनी, पीठ उचलत आणि वरून सोडत चोळत राहा.

इथे घाई करू नये. आधी बटरचे वाटाण्याएवढे गोळे दिसतात, मग ते मसुरीएवढे होतात आणि शेवटी पांढऱ्या पिठाला सगळीकडून फिकट पिवळसर छटा येऊन त्याचा ओलसर रव्यासारखा भुगा होतो. छटा बदलली म्हणजे पिठाच्या कणांभोवती स्निग्धांशाचा थर बसला, आणि हाच थर पाण्याला मैद्याच्या प्रथिनांपर्यंत सहजासहजी पोहोचू देत नाही. मधेच पीठ चकाकू लागले किंवा बोटांना चिकटू लागले तर बटर वितळत आहे असे समजा आणि परात दहा मिनिटे फ्रीजमध्ये ठेवा. पंख्याखाली ठेवून काम भागेल असे समजू नका.

४. गोळा जमवा, पण तिंबू नका

मूठभर भुगा घेऊन दाबून पाहा. मुटका वळला आणि बोटाने टोचल्यावर दोन-तीन मोठ्या तुकड्यांत फुटला, तर पीठ तयार आहे. दाबताक्षणी भुरभुरला तर आणखी दोन मिनिटे चोळा, कारण बटर अजून सगळीकडे पोहोचलेले नाही.

त्यानंतर सगळा भुगा दोन्ही हातांनी एकत्र दाबून गोळा करा आणि तो गुळगुळीत दिसेपर्यंत सात-आठ वेळा हलकेच दाबून घ्या. पुरणपोळीची कणीक तिंबणाऱ्या हातांना इथे थांबणे जड जाते, तरी थांबलेच पाहिजे. दाबलेल्या पिठाच्या कडेला बारीक भेगा दिसत असतील तर त्या राहू द्या. टिनमध्ये थापताना त्या आपोआप बुजतात.

५. टिनमध्ये थापा, खुणा करा, टोचे मारा

लाटण्यापेक्षा थापणे चांगले, कारण लाटताना खाली भुरभुरवलेला कोरडा मैदा पिठात जातो आणि प्रमाण बिघडते. टिनच्या तळाला बटर पेपर लावून त्यावर पीठ बोटांनी सारखे पसरा आणि सपाट बुडाच्या वाटीने वरून दाबून घ्या. थर सव्वा सेंटिमीटरच्या आसपास भरेल. तो सगळीकडे सारखा असणे फार महत्त्वाचे आहे, कारण पातळ राहिलेली कड मध्यभागाच्या कितीतरी आधी लाल होते. शंका असेल तर दात कोरायची काडी चार-पाच ठिकाणी खुपसून जाडी पाहा.

आकारांना स्कॉटलंडमध्ये परंपरा आहे. चौकोनी टिनमधून बोटांसारखे लांबट तुकडे काढतात. आपल्या १८ सेंटिमीटरच्या टिनमध्ये मधोमध एक छेद देऊन दोन-दोन सेंटिमीटर रुंदीचे तुकडे पाडले की अठरा नग होतात. गोल थापलेल्या शॉर्टब्रेडच्या त्रिकोणी तुकड्यांना ‘पेटिकोट टेल्स’ म्हणतात. सोळाव्या शतकातील स्कॉटलंडची राणी मेरी हिला ते आवडत असत असे सांगितले जाते आणि त्यांच्या जुन्या प्रकारात कॅरवे, म्हणजे आपल्या शहाजिऱ्याच्या जातीचे दाणे, घालत. या आकारात मधोमध छोट्या झाकणाने एक वर्तुळ कापून घेण्याची रीत आहे. त्रिकोणांची अणकुचीदार टोके कापताना मोडतात, ती या वर्तुळामुळे वाचतात, म्हणून ही रीत नुसती शोभेची समजू नका. कड अंगठा आणि तर्जनीने चिमटून करंजीसारखी मुरडही घालतात. थिसल या काटेरी झाडाच्या फुलाचे, म्हणजे स्कॉटलंडच्या राष्ट्रीय चिन्हाचे, कोरीवकाम असलेले लाकडी साचेही मिळतात, परंतु नवशिक्याने त्यांच्या मागे लागू नये, कारण थोडे जरी मऊ झाले तरी पीठ साच्यात अडकून बसते.

सुरीने कापायच्या रेषा अर्ध्या खोलीपर्यंत आखा आणि प्रत्येक तुकड्यावर काट्याने तळापर्यंत दोन-तीनदा टोचे मारा. बटरमधील पाण्याची वाफ या छिद्रांतून बाहेर पडते. टोचे न मारल्यास वाफ आत कोंडून थर मधेच फुगतो आणि खालचा भाग ओलसर राहतो.

६. टिन गार करा आणि ओव्हन तापवा

टिन अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा. पायरी कंटाळवाणी आहे, पण आपल्याकडच्या उकाड्यात ती वगळून चालत नाही, कारण सैल पडलेले बटर ओव्हनमध्ये जाताच वितळून बाहेर येते.

तेवढ्या वेळात ओव्हन १५० अंश सेल्सिअसला तापत ठेवा. ओटीजीच्या, म्हणजे घरगुती छोट्या विजेच्या ओव्हनच्या, बटणावरचा आकडा आणि आतले खरे तापमान यांत बऱ्याचदा मोठी तफावत असते. म्हणून तापमापक मधल्या जाळीवर ठेवून वीस मिनिटांनी वाचा आणि बटण त्यानुसार पुढे-मागे करा. वरची आणि खालची दोन्ही कॉइल चालू हवी. पंखा लावलात तर तापमान १३५ अंशांच्या आसपास आणा. कन्व्हेक्शन मायक्रोवेव्ह असेल तर धातूची टिन फक्त कन्व्हेक्शनवर वापरायची हे विसरू नका. मायक्रो किंवा मिश्र पर्याय चुकूनही निवडू नका.

कुकरमध्ये किंवा कढईत मीठ तापवून भाजण्याची पद्धत केकसाठी ठीक आहे, पण शॉर्टब्रेडसाठी मी ती सुचवणार नाही. त्या झाकलेल्या भांड्यात उष्णता खालून येते आणि वाफ आतच फिरत राहते. शॉर्टब्रेडला मात्र वाळायला कोरडी हवा लागते.

७. मंद आचेवर भाजा

मध्ययुगात उरलेल्या पावाच्या कणकेला साखर लावून ती मंद होत चाललेल्या भट्टीत कडक वाळवत असत. पुढे त्या कणकेतील यीस्टची जागा बटरने घेतली आणि त्यातून शॉर्टब्रेड घडत गेला, असे त्याचे मूळ सांगतात. भाजण्याची रीत आजही त्याच अंगाची आहे. १८० अंशांवर वीस मिनिटांत रंग येतो खरा, पण आतला ओलावा तसाच राहतो आणि दुसऱ्या दिवशी तुकडा मऊ पडतो.

टिन मधल्या जाळीवर ठेवा आणि ४५ ते ५५ मिनिटे भाजा. अर्ध्या वेळेनंतर टिन एकदा फिरवा, कारण बहुतेक ओव्हनमध्ये मागची बाजू जास्त तापते. शेवटच्या पंधरा मिनिटांत मात्र घड्याळापेक्षा रंगाकडे लक्ष द्या. कड फिकट सोनेरी झालेली असावी आणि मध्यभाग पांढरट न राहता मलईच्या रंगाचा झालेला असावा. तांबूस किंवा बदामी रंगाची वाट पाहिली तर बटरची चव करपटपणाखाली दबते. वरून रंग लवकर येऊ लागला तर अॅल्युमिनियमची फॉइल सैलसर पांघरा, तापमान मात्र तसेच ठेवा.

भाजून झालेला शॉर्टब्रेड गरम असताना मध्यभागी मऊच लागतो. बोट लावल्यावर दबला म्हणून पुन्हा आत ढकलू नका. तो गार होतानाच कडक होतो.

८. गरम असतानाच कापा, गार झाल्यावरच काढा

टिन बाहेर काढल्यावर पाच मिनिटांत आधीच्या खुणांवरून सुरी तळापर्यंत सरळ खाली दाबून कापा. सुरी ओढू नये, कारण ओढली की कडा भुरभुरतात. गार झालेला शॉर्टब्रेड कापायला गेलात तर तो रेषा सोडून मनाला येईल तसा फुटेल. लगेच वरून चमचाभर साखर भुरभुरवा, म्हणजे ती पृष्ठभागाला धरून राहील. तुकडे टिनमध्येच पूर्ण गार होऊ द्या. त्याला तास-दीड तास लागतो.

९. काही बिघडलेच तर

शॉर्टब्रेड दगडासारखा कडक झाला तर पीठ जास्त तिंबले गेले किंवा बाहेरून पाणी-दूध आत गेले, असे समजावे. टिनच्या तळाशी तूप साचलेले दिसले तर बटर चोळतानाच वितळले होते किंवा टिन पुरेशी गार झाली नव्हती. कडा लाल आणि मध्यभाग कच्चा असेल तर आच जास्त किंवा थर असमान. मध्यभाग कच्चा राहिल्याचे कापताना लक्षात आले तर तुकडे सुटे करून, एकमेकांपासून अंतर ठेवून, १४० अंशांवर आणखी दहा-बारा मिनिटे भाजता येतात आणि ते बऱ्यापैकी सावरतात. कडक झालेल्यावर मात्र उपाय नाही. तो कुटून चीजकेकच्या तळासाठी वापरावा.

पहिल्या दोन-तीन घाण्यांत व्हॅनिला, चॉकलेट, केशर असे काही घालू नका. स्कॉटलंडमधल्या स्पेसाइड भागातील अॅबरलूर गावातून जगभर जाणाऱ्या, १८९८ साली सुरू झालेल्या वॉकर्स कंपनीच्या साध्या शॉर्टब्रेडच्या पाकिटावरही मैदा, बटर, साखर आणि मीठ एवढेच जिन्नस छापलेले असतात. साधा शॉर्टब्रेड मनासारखा जमला की स्कॉटलंडमधल्याच पर्थशायरच्या पिटकेथली बॅनॉक या गोल शॉर्टब्रेडसारखे बदाम आणि साखरेत मुरवलेली संत्र्याची साल घालून पाहावी. त्या जोडीला बटर चांगले पेलते.

१०. साठवण

शॉर्टब्रेड भाजल्याच्या दिवसापेक्षा दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी अधिक चांगला लागतो, म्हणून पाहुण्यांसाठी करायचा असेल तर दोन दिवस आधी भाजा. स्कॉटलंडमध्ये ३१ डिसेंबरच्या रात्री, म्हणजे हॉगमनेला, मध्यरात्रीनंतर घरात पहिले पाऊल टाकणाऱ्याने कोळसा, व्हिस्की, ब्लॅक बन (सुक्या मेव्याचा गच्च केक) यांच्यासोबत शॉर्टब्रेडही आणण्याची प्रथा आहे. तो आधी करून ठेवता येतो आणि थैलीतून नेला तरी टिकतो, ही त्यातली मोठीच सोय. शेटलंड बेटांवर लग्नानंतर नववधूच्या डोक्यावर सजवलेला शॉर्टब्रेड मोडण्याची रीत होती. एके काळी बटर महाग असल्यामुळे तो एरवी रोजच्या खाण्यात नसे, सणासमारंभालाच होत असे.

घट्ट झाकणाच्या डब्यात, थरांच्या मधे बटर पेपर घालून ठेवला तर कोरड्या हवेत तो दोन आठवडे उत्तम राहतो. चिवडा किंवा लसणाच्या शेवेच्या शेजारी उघडा ठेवू नका, कारण बटर कोणताही वास चटकन ओढून घेते. फ्रीजमध्ये ठेवण्याची गरज नाही. मुंबई-कोकणात पावसाळ्यात मात्र डबा दोन-चारदा उघडला तरी तुकडे सादळतात. असे तुकडे १२० अंशांवर दहा मिनिटे ठेवले की पुन्हा खुसखुशीत होतात. डब्यात भरण्याआधी ते पूर्ण गार झाले आहेत ना, हे हात लावून पाहा, कारण कोमट तुकड्यांची वाफ डब्यात साचली की ते रात्रीत पुन्हा मऊ पडतात.